चिप्सच्या डब्यातली यक्षीण

३ नोव्हेंबर, रविवार

सहकारी सोसायटीने जानेवारीत वाटलेली ही डायरी दहा महिने कोरी पडून होती. लिहिण्यासारखं काही घडतच नव्हतं, लिहू काय? आज घडलं.

सकाळी दुकानात एका बाळाचा पासपोर्ट फोटो काढत होतो. बाळ काही केल्या कॅमेऱ्याकडे बघेना. तेवढ्यात फोन वाजला. "सुगतन सर? 'सातविणीखालची यक्षीण'चे दिग्दर्शक?"

सव्वीस वर्षांत मला दिग्दर्शक म्हणून कुणी हाक मारली नव्हती. या चालक्कुडीत मी 'लॅमिनेशनवाला सुगतन' आहे. मी खुर्चीत बसलो. बाळाच्या आईला म्हटलं, जरा थांबा, सिनेमाचं काम आहे.

फोनवरच्या मुलीचं नाव रिन्सी. त्रिशूरला इंजिनीअरिंगला आहे. म्हणाली, "सर, तुमचा सिनेमा आम्ही फोनवर चाळीस वेळा पाहिलाय. आता मोठ्या पडद्यावर बघायचाय. आठ डिसेंबरला मुरली टॉकीजमध्ये नून शो ठेवलाय. प्रिंट तुमच्याकडेच आहे ना?"

चाळीस वेळा! मी स्वतः अकरा वेळाच पाहिलाय.

"भीती वाटते का पोरांना?" मी विचारलं.

ती म्हणाली, "सर, आमच्या हॉस्टेलात तुमच्या यक्षिणीचं नाव काढल्याशिवाय एक दिवस जात नाही."

बस. एवढंच हवं होतं. सिनेमा लागला तेव्हा चार दिवस चालला, त्यातल्या एका दिवशी हरताळ होता. त्या वेळी मी पोस्टरवर छापलं होतं: जो कुणी एकटा बसून हा चित्रपट शेवटपर्यंत पाहील त्याला मिक्सर बक्षीस. कल्पना माझीच. कुणाची छाती होणार नाही अशी खात्री होती. दुसऱ्याच दिवशी माझ्या बायकोचा, राधामणीचा भाऊ दिवाकरन फौजेतून सुट्टीवर आला, एकटा बसला, पहिल्या गाण्यातच झोपला आणि मिक्सर घेऊन गेला. तेव्हापासून दर ओणमला पानावर चटणी वाढताना म्हणतो, "घे अळिया, तुझ्या यक्षिणीची चटणी." सख्खा मेहुणा आहे म्हणून अळिया म्हणतो, नाहीतर काय म्हणाला असता देव जाणे. सव्वीस ओणम मी ती चटणी गिळतोय.

एक माणूस. फक्त एक माणूस माझ्या सिनेमाला घाबरलेला मला बघायचाय. मग डोळे मिटले तरी चालतील.

५ नोव्हेंबर

पलंगाखालून प्रिंट काढली. सात डबे. सहाव्यात राधामणीने वाळवणाच्या मिरच्या ठेवल्या होत्या. रीळ कुठंय विचारलं तर म्हणाली, "अहो, तिथेच आहे, मिरच्यांच्या खाली. कीड लागू नये म्हणून ठेवल्यात, तुमच्याच भल्यासाठी."

ट्यूबलाइटपुढे धरून एकेक फूट बघत बसलो. मिरच्यांमुळे डोळ्यांतून पाणी येत होतं. निदान सुरुवातीला तरी मिरच्यांमुळेच.

पूर्वार्ध बघून ऊर भरून आला. सौदामिनी काय दिसायची! पांढरी साडी, मोकळे केस, सातविणीखाली उभी, आणि वाटसरूला विचारते, "चुना आहे का?" यक्षीण पानाला चुना मागते आणि जो देतो त्याचा घोट घेते, हे आमच्याकडे शेंबडं पोरही जाणतं.

पण शूटिंगच्या नवव्या दिवशी सौदामिनीच्या होणाऱ्या नवऱ्याचा मस्कतहून व्हिसा आला आणि ती लग्न करून विमानात बसली. उरलेला अर्धा सिनेमा कुणाला घेऊन करायचा? तिच्या उंचीचा माणूस एकच होता, आमचा मेकअपवाला ओमनक्कुट्टन. बिचारा लगेच तयार झाला. अडचण एवढीच की वृश्चिक महिना लागलेला आणि त्याने सबरीमलाची माळ घातलेली. एक्केचाळीस दिवस दाढी काढायची नाही, पायात चप्पल नाही, मांसमच्छी नाही, खोटं बोलणं नाही.

म्हणजे उत्तरार्धात माझ्या यक्षिणीला दाढी आहे. गळ्यात तुळशीची माळ आहे. पांढऱ्या साडीखालून व्रताची काळी लुंगी डोकावते. मी तेव्हा म्हटलं, धूर सोडू, कळणार नाही. धूर पुरला नाही.

त्यात नायक भलता भाविक. माळ घातलेल्याला स्वामीच म्हणायचं असतं, ते त्याच्या जिभेला बसलेलं. कॅमेरा चालू, समोर रक्तपिपासू यक्षीण, आणि हा थरथरत म्हणतो, "स्वामी, मला सोडा!" सात वेळा घेतला तो शॉट. सातही वेळा स्वामी.

आणि रक्त? थोरला भाऊ मानून मला चेट्टा म्हणणारा ओमनक्कुट्टन म्हणाला, "चेट्टा, व्रतात रक्त पिणार नाही. रंगाचं पाणी असलं तरी नाही." मग प्यायचं नाही तर करायचं काय? त्याने आपल्या मनानेच संवाद घातला. नायकाचा गळा धरायच्या ऐवजी त्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हणतो, "जेवलास का? जा घरी, आई वाट बघत असेल."

माझी यक्षीण माणसांना जेवायला घरी पाठवते! समीक्षक हसले यात नवल ते काय.

७ नोव्हेंबर

ओमनक्कुट्टनकडे गेलो. त्याचं आता पोशाख भाड्याने द्यायचं दुकान आहे, शाळांच्या स्नेहसंमेलनांसाठी. मी गेलो तेव्हा एका वाघाचं शेपूट शिवत होता. बातमी त्याला आधीच लागलेली होती. शेजारचा शिंपी, समोरचा चहावाला, सगळ्यांना सांगून झालेलं.

"चेट्टा, नवा शर्ट घेतलाय. मोठ्या पडद्यावर मी शेवटचा दिसलो त्याला सव्वीस वर्षं झाली. नातवाला दाखवणार. तो म्हणतो, आजोबा थापा मारतात."

मग आतून ती साडी घेऊन आला. तीच! "फेकवली नाही," म्हणाला. "आता भारतमातेला देतो, नाताळात मेरीमातेला देतो. पण मूळची यक्षिणीची आहे, हे मी विसरलेलो नाही."

मी चहा पिऊन निघालो. जे सांगायला गेलो होतो ते सांगितलं नाही.

१२ नोव्हेंबर

सांगायचं होतं ते हे: मी ते सगळं कापणार आहे.

लिहिलं एकदाचं. आज सकाळी दुकान बंद ठेवलं, राधामणी बहिणीकडे गेली होती. लॅमिनेशनची कात्री आणि चिकटपट्टी घेऊन बसलो. दाढी दिसली की कच्. माळ दिसली की कच्. "स्वामी" आलं की कच्. "जेवलास का"ला तर दोनदा कच्. तुकडे कुठे ठेवायचे म्हणून केळ्याच्या चिप्सचा रिकामा पत्र्याचा डबा घेतला. भरत आला.

दुपारपर्यंत सिनेमा सव्वा तासाचा झाला. नायक यक्षिणीला बघून पळतो आणि लगेच त्याचं लग्न लागतं. वेग आलाय. ज्या पोरांनी माझ्यावर विश्वास ठेवलाय त्यांच्यासमोर मी निव्वळ भीती ठेवणार, भेसळ नाही.

एक तुकडा मात्र हातातून सुटेना. शॉट संपल्यावर कॅमेरा चार सेकंद चालूच राहिला होता. त्यात ओमनक्कुट्टन, साडी-दाढीसकट, थेट माझ्याकडे बघतो आणि भुवया उंचावतो. विचारतोय: ओके? किती तरुण होता तो. किती मनापासून विचारत होता.

मग तोही कापला. कला म्हणजे कठोरपणा.

१७ नोव्हेंबर, वृश्चिक १

ओमनक्कुट्टनने माळ घातली. त्याची ही एकोणतिसावी यात्रा, आता तर नवख्यांना डोंगरावर नेणारा गुरुस्वामी झालाय. नियमाप्रमाणे मलाही त्याला स्वामीच म्हणावं लागतं.

"चेट्टा, माझे सीन शाबूत आहेत ना? मिरच्यांनी खाल्ले नाहीत ना?"

"सगळे शाबूत आहेत, स्वामी," मी म्हटलं. खोटं नव्हतं ते. डब्यात शाबूत आहेतच. तरी घरी येऊन मला काही जेवण गेलं नाही. राधामणी म्हणाली गॅस असेल, जिऱ्याचं पाणी दिलं. गॅस नव्हता.

२४ नोव्हेंबर

रिन्सी आणि तिचे दोन मित्र मुलाखत घ्यायला घरी आले. गुणी मुलं. तिघांच्याही शर्टांवर कुणा दाढीवाल्याचं चित्र होतं. केरळात पोराच्या छातीवर दाढीवाला असला म्हणजे तो क्रांतिकारकच, त्यामुळे मी काही विचारलं नाही. फक्त हा क्रांतिकारक डोक्यावर पदर का घेतो, एवढं नीट कळलं नाही. छपाईची चूक असेल.

मी त्यांना भयरसावर पाऊण तास सांगितलं. त्यांनी सगळं टिपून घेतलं. मग एक मुलगा फार अदबीने म्हणाला, "सर, ते 'जेवलास का' तुम्हाला सुचलं कसं?"

मी विषय बदलला. पोरं उदार मनाची, चुकीसुद्धा लक्षात ठेवतात पण बोलून दाखवत नाहीत. म्हटलं, "काळजी करू नका, त्या दिवशी तसलं काही दिसणार नाही."

रिन्सी हसली. तिला वाटलं मी गंमत करतोय. जाताना विचारलं, "ओमनक्कुट्टन स्वामींचा पत्ता मिळेल?" मी दिला. बहुधा नाटकाला पोशाख हवे असतील.

२ डिसेंबर

दिवाकरन येऊन गेला. सोबत नेहमीचं हसू आणि फौजेच्या कँटीनची बाटली. "ऐकलं, अळिया, तुझी यक्षीण परत येतेय. मी पहिल्या रांगेत बसणार. उशी घेऊन."

राधामणी एरवी भावाला काही बोलत नाही. आज बोलली, "दिवाकरा, घाबरलास तर?"

"मी? सियाचीनला होतो मी. घाबरलो तर मिक्सर परत. दोन्ही भांड्यांसकट. चटणीचं छोटं भांडंसुद्धा."

"शब्द?"

"शब्द."

राधामणीच्या डोळ्यांत मी असली चमक लग्नात पाहिली नव्हती.

९ डिसेंबर, सोमवार

कालचं आज लिहितोय. काल जमलं नाही, गर्दीमुळे.

नून शो साडेअकराचा. दहा वाजताच मुरली टॉकीजबाहेर रांग! पहिल्यांदा वाटलं शेजारच्या बेकरीची असेल. जवळ गेलो तर तीनशे पोरंपोरी, आणि निम्म्यांनी पांढऱ्या साड्या नेसून काळ्या दाढ्या चिकटवलेल्या. मुलींनीसुद्धा! हातात चुन्याच्या डब्या. मी रिन्सीला म्हटलं, "कॉलेजात वेशभूषा स्पर्धा आहे वाटतं?" तिने हात धरून मला आत नेलं.

एका बाजूला ओमनक्कुट्टन, नवा शर्ट, गळ्यात माळ, अनवाणी. पलीकडे त्याचा नातू. दुसऱ्या बाजूला राधामणी, पिशवीसकट. पहिल्या रांगेत दिवाकरन, खरोखरच उशी घेऊन. वर प्रोजेक्टरवर पैलीचेट्टन, सत्तरीचा, त्याच्याखेरीज ते जुनं यंत्र आता कुणाला चालवता येत नाही.

सिनेमा सुरू झाला. सौदामिनी आली, पोरांनी शिट्ट्या वाजवल्या, पण मला वाटलं सगळे कशाची तरी वाट बघतायत. नायक वाटेने निघाला. सगळी टॉकीज पुढे सरकून बसली. तीनशे चुन्याच्या डब्या वर झाल्या. नायकाने वळून पाहिलं आणि त्याचं लग्न लागलं.

शांतता. इतकी शांतता माझ्या सिनेमाला कधीच मिळाली नव्हती. मग मागून एक बारीक आवाज आला. "स्वामी कुठायत?"

ओमनक्कुट्टनने माझ्याकडे पाहिलं. नातू म्हणाला, "आजोबा, तुम्ही कधी येणार?" ओमनक्कुट्टन उठला, नातवाचा हात रिन्सीच्या हातात दिला आणि बाहेर गेला. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

आणि मग ते सुरू झालं. पडद्यावर वऱ्हाडी नाचत होते आणि अंधारात तीनशे पोरं एका सुरात म्हणू लागली, "चुना आहे का?" निम्मी पोरं ओरडली, "नाही, स्वामी! मला सोडा, स्वामी!" मग सगळी मिळून, तोंडपाठ, जिथे ओमनक्कुट्टनने श्वास घेतला होता तिथेच श्वास घेऊन, "जेवलास का? जा घरी, आई वाट बघत असेल."

मी जे जे कापलं होतं ते सगळं त्यांना येत होतं. मी जे ठेवलं होतं त्याकडे कुणी बघतही नव्हतं.

मी मूर्ख नाही. उशिरा कळतं, पण कळतं. ही पोरं माझ्या भयपटाला चाळीस वेळा हसली होती. इथे, बरगडीखाली, दुखलं. खोटं कशाला लिहू, फार दुखलं.

मध्यंतर झालं. राधामणीने पिशवीतून चिप्सचा डबा काढला, झाकण उघडलं आणि किंचाळली, "अहो, चिप्सच्या जागी ही कसली घाण?"

तिने भरलेला डबा समजून तोच डबा आणला होता! मी तिच्या हातातून तो ओढला आणि जिन्याने धावत वर गेलो. सत्तेचाळीस पायऱ्या. पैलीचेट्टनपुढे डबा आपटला. "चिकटव."

"कुठे काय?"

"कुठेही. सगळं. दुसऱ्या भागाच्या आधी."

"उलटसुलट होईल रे."

"होऊ दे."

त्याच्या खोलीत पावडरचा वास येत होता आणि खुंटीवर एक पांढरी साडी लटकत होती. म्हाताऱ्याला या वयात कशाला हवी, असं मनात आलं, पण विचारायला वेळ नव्हता.

दुसरा भाग सुरू झाला आणि पडदाभर ओमनक्कुट्टन. दाढी, माळ, लुंगी! काही तुकडे उलटे लागले होते, त्यात तो डोक्यावर उभा राहून उलटं बोलत होता आणि पोरं उलटं म्हणून दाखवत होती! चुना उडत होता. नातू खुर्चीवर उभा राहून ओरडत होता, "माझे आजोबा! ते माझे आजोबा!" लोक हसत होते, होय, पण आपल्या माणसाला बघून हसतात तसे. आणि मीसुद्धा, लिहून टाकतो, हसलो. सातव्या "स्वामी"ला तर डोळ्यांतून पाणी आलं. या वेळी मिरच्या नव्हत्या. फक्त शेजारची खुर्ची रिकामी होती, ते टोचत होतं.

शेवटी तो चार सेकंदांचा तुकडा आला. ओमनक्कुट्टनने पडद्यावरून थेट माझ्याकडे पाहिलं, भुवया उंचावल्या, आणि नेमका त्याच क्षणी टॉकीजचा फ्यूज उडाला. काय योगायोग म्हणायचा!

काळाकुट्ट अंधार. सगळे एकदम गप्प. पोरं इतकी शिस्तीत गप्प कशी बसली, याचं नवल वाटलं. पहिल्या रांगेकडून ओल्या, अनवाणी पावलांचा आवाज आला. फच्. फच्. मग एक अगदी थंड, खोल आवाज, "चुना आहे का?"

यानंतर जी किंकाळी आली ती दिवाकरनची. सियाचीन, फौज, सगळं त्या किंकाळीत होतं. दारापर्यंतच्या खुर्च्या धडाधड पडल्या, दार उघडलं, बंद झालं.

पावलं माझ्याकडे वळली. फच्. फच्. माझ्या खांद्यावर बर्फासारखा हात पडला आणि कानाशी कुणीतरी म्हणालं, "जेवलास का?"

मी मोठ्याने खाकरलो. राधामणी सगळीकडे सांगत सुटलीय की मी "अम्मे!" म्हणून तिच्या मांडीवर जाऊन बसलो. तिचं नका ऐकू. घसा बसला होता.

दिवे आले. समोर ओमनक्कुट्टन, पांढरी साडी, पांढरी दाढी, माळ, खालून काळी लुंगी. पडद्यावरचा आपला आवाज बाहेर ऐकून परतला होता, आणि हात बर्फाच्या बादलीत घालून आला होता. तीनशे पोरं उभी राहिली आणि मुरली टॉकीजचं छप्पर उडेल असा एकच पुकारा झाला, "स्वामीऽऽ!" तो मात्र त्यांच्याकडे बघतच नव्हता. माझ्याकडे बघत होता. भुवया उंचावून.

"चेट्टा," तो म्हणाला, "ओके?"

सव्वीस वर्षं थांबला होता उत्तरासाठी. तेव्हा मी दुसऱ्या शॉटच्या घाईत होतो.

"ओके, स्वामी," मी म्हटलं. "एकदम ओके."

१० डिसेंबर

सकाळी दार उघडलं तर ओसरीवर पिशवी. आत मिक्सर. मोठं भांडं, मधलं भांडं, आणि चटणीचं छोटं. चिठ्ठी वगैरे काही नाही. फाटकाबाहेर दिवाकरनची स्कूटर भुर्रकन गेल्याचा आवाज आला. कालची त्याची एक चप्पल अजून मुरली टॉकीजमध्ये आहे, उशीसुद्धा.

राधामणीने ताबडतोब खोबरं लावलं. सव्वीस वर्षांनीसुद्धा झकास फिरतो. ओमनक्कुट्टनला जेवायला बोलावलंय. व्रत आहे, म्हणून सगळं शाकाहारीच. दारात आला की मीच विचारणार आहे त्याला, जेवलास का.

चटणी चाखली. गोड लागली.